आमची मालिका नेमकं कोण बघत होतं?

दैनंदिन मालिका बंद झाली की लेखकाला ओळखीपाळखीचे लोक एकच विचारतात, "चांगली चालली होती की, का बंद केलीत?" मला हा प्रश्न अजूनही विचारला जातो आणि त्याचं उत्तर उभ्या उभ्या देता येत नाही. म्हणून इथे सविस्तर लिहिते. २०१८ मध्ये प्रस्ताव दिल्यापासून २०२१ मध्ये शेवटचा सीन मेल करेपर्यंत त्या मालिकेची पटकथा आणि संवाद मी लिहिले. वाहिनीचं आणि मालिकेचं नाव घेत नाही, कारण जे घडलं ते त्या एका वाहिनीपुरतं नव्हतं.

गोष्ट सांगलीकडची होती. नवरा गेल्यावर सासू घरामागच्या शेडमध्ये मिरची कांडपाचं यंत्र चालवते, धाकटी सून लग्नानंतर त्यात शिरते, आणि दोघींमध्ये धंद्यावरून जे काही होतं ते. माझं आजोळ मिरजेजवळचं, त्यामुळे ती भाषा कानात होती. प्रस्ताव म्हणजे पानभर कथा, पात्रांची ओळख आणि पहिल्या तीन महिन्यांचा ट्रॅक, म्हणजे कथानकाचा आराखडा. वाहिनीच्या पहिल्या बैठकीत कथेबद्दल काही विचारण्याआधीच फिक्शन हेडने, म्हणजे कथामालिकांच्या प्रमुखाने, विचारलं, "ताई, हे रूरलला जाईल हे दिसतंय. मुंबई-पुण्याला काय देणार?"

हा प्रश्न समजायला थोडं मागे जावं लागेल. मी सहायक म्हणून या धंद्यात आले तेव्हा टीव्हीवर कोण काय बघतं ते मोजणारी मीटर फक्त शहरांतल्या घरांत होती. खेड्यात कोण काय बघतं याचा आकडा कुणाच्याच हातात येत नसे, त्यामुळे दिवाणखाना शहरी, नोकऱ्या शहरी, भांडणंही शहरी. २०१५ मध्ये बार्क या टीव्ही प्रेक्षक मोजणाऱ्या संस्थेची मोजणी सुरू झाली आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरपासून ग्रामीण घरांचे आकडेही येऊ लागले. 'महाराष्ट्र-गोवा' हा एक बाजार धरून त्यात शहर आणि खेडं दोन्ही दिसायला लागलं. पुढच्या दीड-दोन वर्षांत काय झालं ते प्रेक्षकांनी पडद्यावर पाहिलंच आहे. २०१६ मध्ये 'रात्रीस खेळ चाले' सिंधुदुर्गातल्या आकेरीत चित्रित झाली, त्याच वर्षी 'तुझ्यात जीव रंगला' कोल्हापुरात, २०१७ मध्ये 'लागिरं झालं जी' साताऱ्याकडे. ज्यांनी त्या लिहिल्या आणि उभ्या केल्या त्यांचं श्रेय त्यांचंच. पण दहा वर्षं आधी हेच प्रस्ताव घेऊन कुणी गेलं असतं तर दारातूनच परत आलं असतं, असं माझं ठाम मत आहे. प्रेक्षक बदलला असं आपण सहज म्हणतो. तासगावची बाई आधीही रात्री आठला टीव्ही लावत होती, तिची मोजणी मात्र २०१५ नंतर सुरू झाली.

प्रस्ताव मंजूर झाला, लुक टेस्ट झाल्या, मग करार आला. इथे जरा थांबते, कारण पुढचं सगळं या करारावर उभं आहे.

दूरदर्शनच्या काळात खाजगी निर्मात्याला प्रायोजित मालिका मिळत असे. निर्माता दूरदर्शनला प्रक्षेपण शुल्क भरायचा, बदल्यात त्याला जाहिरातींचे ठरावीक सेकंद मिळायचे, आणि ते सेकंद विकून तो आपला खर्च काढायचा. तेरा भागांची मंजुरी, मग पुढच्या तेरांसाठी पुन्हा खेटे. त्यात निर्माते बुडालेही, पण मालिका त्यांची असायची. उपग्रह वाहिन्यांनी हे उलटं केलं. आता वाहिनी निर्मात्याला भागामागे ठरावीक रक्कम देते आणि जाहिराती स्वतः विकते. कथा, पात्रं, शीर्षक, चित्रित झालेला प्रत्येक सेकंद वाहिनीच्या मालकीचा. पुन:प्रक्षेपण झालं, दुसऱ्या भाषेत डब झालं, वाहिनीच्या अ‍ॅपवर वर्षानुवर्षं राहिलं, तरी निर्मात्याला किंवा लेखकाला त्यातून सहसा वेगळं काही मिळत नाही. निर्मात्याचा नफा म्हणजे त्या ठरावीक रकमेतून जे वाचेल ते. म्हणूनच सेटवर एका बंगल्यात तीन कुटुंबं राहतात आणि पोलीस ठाण्याचा सीन शक्यतो टाळला जातो.

लेखकाला मानधन भागामागे मिळतं, तेही साधारण तीन महिन्यांनी. जानेवारीत लिहिलेल्या भागाचे पैसे एप्रिल उलटल्यावर. त्यामुळे मालिका सुरू झाली तेव्हा घर आधीच्या कामाच्या येणे रकमेवर चाललेलं होतं, आणि ती बंद झाल्यावरही काही महिने पैसे येत राहिले. मधल्या काळात वाहिनीने सांगितलं की कथेला अमुक वळण द्या, तर ज्याचं पुढचं वर्ष त्या मालिकेवर उभं आहे तो लेखक किती वेळ नाही म्हणू शकेल? बाहेरून लेखकांवर टीका होते की हे काहीही लिहितात. त्या टीकेतला राग मला समजतो, आणि तो करार वाचून झाला तर जास्त योग्य ठिकाणी पोहोचेल असं मला वाटतं.

शूटिंग सुरू होण्याआधी वाहिनीने आम्हाला घरभेटींना नेलं. सोबत संशोधन विभागातली एक मुलगी, निर्मात्याची ईपी (कार्यकारी निर्माती) आणि मी. मिरजेच्या पुढे एका गावात गेलो. घरात बाहेरच्या खोलीत टीव्ही, त्यासमोर लोखंडी कॉट, आणि स्वयंपाकघर आत, मध्ये भिंत. बाई आमच्याशी बोलता बोलता उठून आत गेल्या, तव्यावर भाकरी टाकली, आणि आतूनच मोठ्याने उत्तरं देऊ लागल्या. संशोधनवाल्या मुलीने विचारलं, "काकू, मालिका बघता तेव्हा कोणासोबत बघता?" त्या म्हणाल्या, "बसून कुठं बघायला मिळतंय ओ बाई, हितनंच ऐकते. कोन रडायला लागलं की जाऊन बघते." आम्ही तिथे असतानाच टीव्हीवर एक मालिका लागली होती. आत त्यांचा भाकरी थापायचा आवाज येत होता आणि मध्येच त्या सुनेच्या पात्राला शिवी हासडत होत्या, तीही अगदी नेमक्या जागी. एकदाही बाहेर आल्या नाहीत. त्यांचे मिस्टर कॉटवर बसून मोबाइल बघत होते, टीव्हीकडे त्यांचं लक्ष नव्हतं, पण रिमोट त्यांच्या उशाशी होता.

परत येताना गाडीत ईपी घरातल्या रंगांबद्दल आणि साड्यांबद्दल टिपणं काढत होती. माझ्या डोक्यात एकच चाललं होतं, की माझा निम्मा प्रेक्षक मला कानाने भेटणार आहे. तेव्हापासून मी प्रत्येक सीनच्या पहिल्या दोन वाक्यांत कोण कोणाशी बोलतंय ते नाव घेऊन लिहायला लागले. "अहो आई, दुकानाचा हिशोब" असं सुरू झालं की आत बसलेल्या बाईला सासू-सून समोरासमोर आल्याचं कळतं. पुण्यातल्या माझ्या काही मित्रांना ही नावं सारखी घेणं बटबटीत वाटायचं. ते सोफ्यावर बसून बघायचे.

मालिका २०१९ च्या सुरुवातीला लागली. मोठा प्रोमो, होर्डिंग, सगळं झालं. आणि त्याच सुमाराला, १ फेब्रुवारीपासून, ट्रायची, म्हणजे दूरसंचार नियामकाची, केबल-डिशसाठी नवी दरपद्धत लागू झाली. तोपर्यंत केबलवाला महिन्याला ठरावीक पैसे घ्यायचा आणि मिळतील त्या वाहिन्या दिसायच्या. तेव्हापासून शंभर वाहिन्यांच्या जोडणीचे १३० रुपये, करासह १५३ च्या घरात, आणि त्यावर प्रत्येक सशुल्क वाहिनीचे वेगळे पैसे. कुणी सुटी वाहिनी निवडायची, कुणी पॅक घ्यायचा. प्रेक्षकाने आपल्याला हवं तेच निवडावं आणि तेवढ्याचेच पैसे द्यावेत, हा विचार मला आजही योग्य वाटतो. पण प्रत्यक्षात गावोगावी केबलवाले कागद घेऊन फिरत होते, लोकांना कळत नव्हतं, आणि पडदे काळे होत होते. तासगावला माझ्या आत्याकडे आमची वाहिनीच दिसेना. ती भाचीची मालिका बघायला शेजारी जायची. शेवटी केबलवाल्याने स्वतःच एक मराठी पॅक ठरवून सगळ्या गल्लीला लावून टाकला. निवड ग्राहकाने करायची होती, ती बहुतेक ठिकाणी केबलवाल्याने केली.

अनेकांनी त्या काळात केबल सोडून दूरदर्शनच्या मोफत डीडी फ्री डिशची छत्री लावली. एकदा पैसे भरले की महिन्याचं भाडं नाही. आमची वाहिनी त्यावर नव्हती. म्हणजे ज्या घरांसाठी वाहिनीला ग्रामीण गोष्ट हवी होती, त्यांतलीच काही घरं आम्ही सुरू होता होता हातातून गेली. पहिल्या महिन्याचे आकडे अपेक्षेपेक्षा कमी आले. बैठकीत चर्चा मात्र नायिकेच्या मेकअपवर झाली. मी छत्र्यांचा विषय काढला, त्यावर "तो डिस्ट्रिब्युशनचा प्रश्न आहे, आपण कंटेंटबद्दल बोलू" असं उत्तर मिळालं. वितरण, जाहिरात विक्री, कथा हे तीन विभाग तीन मजल्यांवर बसतात, आणि तिन्हींचा परिणाम एकाच आकड्यात दिसतो. तो आकडा मारला जातो कथेच्या गळ्यात.

तो आकडा येतो गुरुवारी. शनिवार ते शुक्रवार असा आठवडा धरून, त्याच्या पुढच्या गुरुवारी. तेव्हा देशात बार्कच्या मोजणीत असलेली घरं चाळीस हजारांच्या आसपास, आणि टीव्ही असलेली घरं २०१८ च्या पाहणीप्रमाणे १९.७ कोटी. वाहिनीच्या आवाजात कानाला न ऐकू येणारी खूण मिसळलेली असते, मीटर ती ओळखतं, आणि घरातल्या प्रत्येकाने टीव्हीसमोर बसताना आपापलं बटण दाबायचं असतं. ती घरं कोणती हे कुणालाही कळता कामा नये. २०२० च्या ऑक्टोबरमध्ये मुंबई पोलिसांनी काही वाहिन्यांच्या आकड्यांतल्या कथित फेरफाराचं प्रकरण बाहेर काढलं तेव्हा सगळ्या देशाला टीआरपी म्हणजे काय ते कळलं. आम्ही त्यावर दर आठवड्याला जेवत होतो.

गुरुवारी मिनिटागणिक आलेख यायचा. कोणत्या मिनिटाला प्रेक्षक आले, कोणत्या मिनिटाला गेले. एक प्रसंग सांगते. सुनेला सासूचं बँकेचं पासबुक सापडतं आणि कळतं की सासूने मुलाच्या नकळत यंत्रासाठी स्वतःच्या पाटल्या मोडल्या होत्या. दिग्दर्शकाने तो सीन निःशब्द घेतला होता. पासबुकाची पानं, सुनेचा चेहरा, बाहेरून येणारा उजेड, दीड मिनिट. अभिनेत्रीने जीव ओतला होता. आलेखात मुंबईची रेघ त्या दीड मिनिटात स्थिर होती आणि ग्रामीण महाराष्ट्राची खाली गेली होती. बैठकीतला निष्कर्ष असा, की गावाकडच्या प्रेक्षकाला शांत सीन आवडत नाहीत, इथून पुढे टाळा.

मला हे मान्य नव्हतं. मला ती भाकरी थापणारी बाई आठवत होती. तिच्यासाठी त्या दीड मिनिटात टीव्ही बंद पडला होता, आणि बाहेर कॉटवरच्या माणसाला वाटलं असणार की आता काही चालू नाही, त्याने रिमोट उचलला. मी एक गोष्ट मागून घेतली. आमच्या शेडमधल्या कांडपाचा घरघर आवाज प्रत्येक घरातल्या सीनमागे हलका ठेवायचा, आणि जिथे शब्द नाहीत तिथे तो एकदम बंद करायचा. ध्वनीवाल्याने पहिल्यांदा कुरकुर केली, मग त्यालाच त्यात गोडी वाटू लागली. पुढे एका भागात सासू यंत्राचा खटका बंद करते आणि सुनेकडे नुसती बघत राहते. तो सीनही दोन मिनिटं निःशब्द होता. गुरुवारी ग्रामीणची रेघ हलली नाही. त्या दिवशी मला झालेला आनंद मी विसरणार नाही. वाहिनीने ती पद्धत पुढे कुठल्या कागदावर उतरवली की नाही, माहीत नाही. माझ्या लिखाणात मी ती अजून वापरते.

पण रेघ खाली गेली नाही म्हणून पैसा येतोच असं नाही. अर्ध्या तासाच्या मालिकेत कथेला साधारण बावीस-तेवीस मिनिटं असतात. नियमाने तासाला बारा मिनिटं जाहिराती, त्यातली दोन वाहिनीच्या स्वतःच्या कार्यक्रमांची. म्हणजे अर्ध्या तासात विकायला पाच मिनिटं, दहा-दहा सेकंदांच्या तीस जागा. त्या तीस जागांतून भागाचा खर्च निघाला पाहिजे, वाहिनीचा बाकीचा पसारा चालला पाहिजे. घेणारे मुख्यतः साबण, डिटर्जंट, टूथपेस्ट, चहा, फरशी पुसायचं औषध विकणारे. हिंदुस्तान युनिलिव्हर आणि रेकिट या कंपन्या देशातल्या टीव्ही जाहिरातींत सर्वांत वरच्या जागी दिसतात, त्या उगाच नाहीत. त्यांना गावातल्या बाईपर्यंत पोहोचायचं असतंच. पण मोबाइल, गाडी, दागिन्यांची पेढी, घर विकणारा बिल्डर यांना मुंबई-पुणे-नाशिक हवं असतं, आणि जास्त दर ते देतात. घरातल्या वस्तूंची संख्या आणि कमावत्या माणसाचं शिक्षण यावरून प्रत्येक घराला वर्ग दिलेला असतो. वरच्या वर्गातले प्रेक्षक कमी असले तरी त्यांच्यामुळे दर चढतो.

आमची मालिका पहिल्या वर्षात संख्येत बरी होती, वर्गात कमी. त्यावर उपाय म्हणून पुण्याहून आलेली, संगणक कंपनीत काम करणारी एक नणंद आणा असं ठरलं. मी लिहिलं, पण तिला नुसती शोभेला न ठेवता तिच्या पगारातून यंत्राचं कर्ज फिटतंय असं केलं, म्हणजे ती घरात आली की हिशोब बदलतो. त्या पात्रामुळे मुंबईचे आकडे थोडे वर गेले. तेवढ्यात २०१९ च्या डिसेंबरमध्ये स्टार प्रवाहवर 'आई कुठे काय करते' सुरू झाली. तिची मूळ कथा 'श्रीमयी' या बंगाली मालिकेची, तिथे तपासून घेतलेली. पुढे तीच कथा हिंदीत 'अनुपमा' झाली. एका भाषेत चाललेली गोष्ट पाच-सहा भाषांत करायची हा मोठ्या समूहांचा हिशोब तेव्हापासून फार पक्का झाला. धोका कमी, तयारीचा वेळ कमी. ती मालिका मराठीत ज्यांनी लिहिली त्यांनी ती मराठी केली, हे मी आदराने सांगते. पण वाहिन्यांच्या बैठकांत "ही कुठे चाललेली आहे का?" हा प्रश्न ऐकायला यायला लागला, आणि सांगलीच्या कांडपाची गोष्ट याआधी कुठेच चाललेली नव्हती.

मार्च २०२० मध्ये, १९ तारखेपासून, चित्रीकरण थांबलं. आमच्याकडे जेमतेम आठवड्याची बँक, म्हणजे आधी चित्रित करून ठेवलेले भाग, होती, ती संपली आणि जुने भाग पुन्हा लागले. २८ मार्चपासून दूरदर्शनवर 'रामायण' पुन्हा सुरू झालं आणि सगळा देश तिकडे वळला. त्या महिन्यांत टीव्ही बघण्याचं प्रमाण कधी नव्हे इतकं वाढलं, आणि जाहिरातींचा पैसा त्याच महिन्यांत आटला, कारण दुकानंच बंद होती. लोक बघतात म्हणजे वाहिनी कमावते, ही समजूत ज्यांची होती त्यांना तेव्हा खरं गणित दिसलं. त्या महिन्यांत मला काहीच मानधन नव्हतं. स्पॉटदादा आणि लाइटमन तर रोजंदारीवरचे. आमच्या युनिटमधले दोघे जण गावी गेले ते परत आलेच नाहीत.

जूनमध्ये परवानगी मिळाली, पण अटी घालून. माणसं कमी, आणि ६५ वर्षांवरच्या व दहा वर्षांखालच्या कलाकारांना सेटवर बंदी. आमची सासू ६५ च्या पुढची. तिच्याशिवाय कांडप नाही, कांडपाशिवाय मालिका नाही. मी तिला मिरजेच्या दवाखान्यात विलगीकरणात ठेवलं, आणि रोज एक सीन फोनवरचा. सासूची भूमिका करणाऱ्या माई आपल्या घरी मुलाकडून मोबाइलवर चित्रित करून घ्यायच्या आणि पाठवायच्या. त्यांनी स्वतःच्या स्वयंपाकघरातला कोपरा चादर लावून दवाखान्यासारखा केला होता. एकदा मला फोन करून म्हणाल्या, "बाळ, संवाद लहान कर, मुलाचा हात दुखतो मोबाइल धरून." ऑगस्टमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ती वयाची अट रद्द केली. त्या सेटवर आल्या त्या दिवशी मी मुद्दाम ठाण्याच्या सेटवर गेले. त्यांनी यंत्राला हात लावून नमस्कार केला, मग मास्क काढून सीन दिला. युनिटमधली सगळी माणसं टाळ्या वाजवत होती. पासष्टीच्या पुढच्या किती कलाकारांचं घर या पैशावर चालतं हे ती अट घालणाऱ्यांना कुणीतरी आधी सांगायला हवं होतं.

परत सुरू झालो ते कमी रकमेवर. वाहिनीने निर्मात्याची भागामागची रक्कम उतरवली, निर्मात्याने आमची. सप्टेंबरपासून नोव्हेंबरपर्यंत आयपीएल अमिरातीत झालं, नेमकं आमच्या वेळेला. बहुतेक घरांत टीव्ही एकच, आणि रिमोट कुणाच्या उशाशी असतो ते मी पाहिलं होतं. आकडे घसरले. डिसेंबरमध्ये आमच्या आठच्या जागी नवी मालिका आली आणि आम्हाला साडेसहाला हलवलं. या धंद्यातल्या कुणालाही विचारा, साडेसहाला हलवलं म्हणजे काय. त्या वेळेला मुंबईची बाई लोकलमध्ये असते. आणि तासगाव-मिरज भागात जानेवारीपासून द्राक्षांचा हंगाम, बाया बागेतून परत येऊन चूल पेटवत असतात.

याच काळात एक विलक्षण गोष्ट झाली. आम्हाला येणारे संदेश कमी व्हायच्या ऐवजी वाढले. मुली लिहायच्या, की आम्ही रात्री जेवण झाल्यावर फोनवर बघतो. दुबईहून, लंडनहून लिहायचे. पुण्यात वसतिगृहात राहणाऱ्या एका मुलीने लिहिलं की त्या सगळ्या एका फोनभोवती बसून सासूचे संवाद म्हणतात. २०१६ नंतर इंटरनेट स्वस्त झाल्यापासून हे वाढत होतंच, टाळेबंदीत ते घरोघरी झालं. हे सगळे लोक आमचे प्रेक्षक, पण गुरुवारच्या आकड्यात त्यांतलं कुणीही नाही, कारण मीटर टीव्हीला जोडलेलं. मी वाहिनीत विचारलं, अ‍ॅपवर आपली मालिका किती जण बघतात? क्रिएटिव्ह विभागातल्या मुलीने हळू आवाजात सांगितलं, "ताई, आपली वरच्यांत आहे." नेमका आकडा तिलाही सांगायला परवानगी नव्हती. अ‍ॅपचा विभाग वेगळा, त्याचा पैसा वेगळ्या खात्यात जमा. टीव्हीच्या खात्यात आमच्या नावावर फक्त साडेसहाचा घसरलेला आकडा होता, आणि मालिका ठेवायची की नाही ते त्याच खात्यावरून ठरणार होतं. मला या सगळ्या प्रवासात सगळ्यांत जास्त कशाचं दुःख असेल तर याचं. आम्हाला प्रेक्षक मिळत होता, त्याचं श्रेय घेणारी जागाच नव्हती.

एप्रिल २०२१ मध्ये महाराष्ट्रात चित्रीकरण पुन्हा बंद झालं आणि बऱ्याच मराठी मालिका गोव्याला गेल्या, काही सिल्वासा, बेळगावकडे. आम्हीही गोव्यात एका रिसॉर्टवर. कांडपाचं यंत्र नेता येईना, म्हणून सगळं कुटुंब नणंदेच्या सासरी लग्नाला आलंय असं लिहिलं. यंत्राचा आवाज फक्त फोनवरून ऐकू यायचा. गावाकडे मागे राहिलेला गडी तो चालू करून फोन सासूच्या कानाला लावायचा. मे महिन्याच्या सुरुवातीला गोव्यानेही परवानग्या मागे घेतल्या. युनिट एका रात्रीत निघालं. त्यानंतर चार दिवसांनी निर्मात्याचा फोन आला की वाहिनी जूनमध्ये आवरतं घ्यायला सांगतेय.

शेवटचे भाग जूनमध्ये ठाण्याच्या सेटवर झाले. बजेट इतकं कमी उरलं होतं की शेवटच्या आठवड्यात बाहेरचा एकही सीन घेता आला नाही. सासू यंत्र सुनेच्या नावावर करते, असा शेवट मी पहिल्या प्रस्तावातच लिहिला होता, आणि तो तसाच राहू द्यावा म्हणून मी वाहिनीशी भांडले. राहिला.

त्यानंतर हा धंदा आणखी हलला आहे. झी आणि सोनीचं विलीनीकरण बराच काळ चर्चेत राहून जानेवारी २०२४ मध्ये मोडलं. नोव्हेंबर २०२४ मध्ये स्टार आणि व्हायकॉम १८ एकत्र आले, त्यामुळे स्टार प्रवाह आणि कलर्स मराठी या दोन वाहिन्या एकाच घरात आल्या. लेखकाच्या दृष्टीने याचा अर्थ साधा आहे. प्रस्ताव घेऊन जायला मोठी दारं मोजकीच होती, त्यांतलं एक कमी झालं. त्याच वर्षी देशात डिजिटल माध्यमांचं उत्पन्न टीव्हीच्या पुढे गेलं. फोनवर उभ्या पडद्याच्या दीड-दोन मिनिटांच्या भागांच्या गोष्टींसाठी मलाही विचारणा होते. तिथे कोण कुठल्या सेकंदाला सोडून गेलं हे लगेच कळतं, गुरुवारची वाट बघावी लागत नाही. लेखकाला मात्र तो आकडा तिथेही कुणी दाखवत नाही.

गेल्या वर्षी नव्या मालिकेच्या करारात मी दोन कलमं घालून मागितली. एक, अ‍ॅपवरची प्रेक्षकसंख्या दर महिन्याला लेखकाला कळवावी. दुसरं, मालिका बंद करायचा निर्णय घेताना ती संख्या विचारात घेतली जावी. कायदा विभागाने दोन्ही काढून करार परत पाठवला. पहिल्या कलमावर क्रिएटिव्ह हेडने तोंडी सांगितलं, "बघू, महिन्याला नाही तर तिमाहीला देता येईल का." ते मी त्याच संध्याकाळी मेलवर लिहून पाठवलं आणि उत्तर मागितलं आहे.